नागपूरच्या मुशीबाई

नागपूरला समुद्र नाही, हे मला ठाऊक आहे. मुशीबाईंचं नाव काढलं की समोरचा माणूस हेच वाक्य तोंडावर फेकतो आणि स्वतःच हसतो, म्हणून आधीच सांगून टाकतो. समुद्र नाही. तलाव आहेत, आणि नदी म्हणायचीच असेल तर नाग नदी आहे. तरीसुद्धा माशावर इतका जीव टाकणारं दुसरं माणूस मी पाहिलं नाही. सीताबर्डीहून पायी जाता येईल अशा एका कॉलेजच्या तळमजल्यावर पंचवीस वर्षं नोकरी करून बाई निवृत्त झाल्या. किनाऱ्यावर राहणाऱ्यांनी वाटल्यास वाईट वाटून घ्यावं.

मुशी म्हणजे हातभर लांबीचा शार्क. माणसं खाणारा तो चित्रातला नव्हे, हा बिचारा गरीब. त्या काळात ज्याने ज्याने प्राणिशास्त्र घेऊन बी.एस्सी. केलं, त्याने तो कापलाच. कॉलेज समुद्रापासून कितीही लांब असो, अभ्यासक्रमात मुशी होतीच. त्यामुळे दरवर्षी दिवाळीच्या सुट्या संपल्या की मुंबईहून रेल्वेने पत्र्याची पिंपं यायची आणि आत फॉर्मलीनमध्ये बुडवलेल्या मुश्या असायच्या. स्टेशनवरचा पार्सलबाबू आमचं नाव ऐकताच नाकाला रुमाल लावायचा.

बाईंचं खरं नाव शांता रामटेके. नाव रामटेके असलं तरी गाव मौदा. वडील शिंपीकाम करायचे. छप्पनच्या दीक्षेनंतर घरातले देव गेले आणि त्या कोनाड्यात मुलीची पुस्तकं आली, असं बाई सांगायच्या. पुढे त्या आमच्या विभागाच्या प्रमुख झाल्या.

मी तिथे डेमॉन्स्ट्रेटर म्हणून लागलो ते सदुसष्ट-अडुसष्टच्या सुमारास. नेमणुकीचा कागद घेऊन प्रयोगशाळेत शिरलो तर बाई पिंपात कोपरापर्यंत हात घालून उभ्या. मी नमस्कार करून नाव सांगायला लागलो. त्या म्हणाल्या, "नाव नंतर. आधी हा पाट धरा."

तो पाट म्हणजे सागवानाची लांब फळी. तिच्यावर पोलादी पट्टी ठोकलेली आणि एका टोकाला आडवी खुंटी. मुशीचं नाक खुंटीला टेकवायचं, शेपूट सरळ करायची आणि आकडा वाचायचा. मी वाचायचा, बाई लाल बांधणीच्या रजिस्टरात लिहायच्या आणि म्हणायच्या, "पुन्हा वाचा." प्रत्येक मुशी दोनदा. साठ मुश्या होत्या. फॉर्मलीनने डोळ्यांतून पाण्याच्या धारा लागल्या, नाक चुरचुरायला लागलं, सकाळी खाल्लेले तर्री-पोहे घशाशी आले. सगळं आटोपल्यावर बाईंनी हात धुतले आणि म्हणाल्या, "हं, आता सांगा नाव."

"वानखडे," मी म्हणालो.

"वानखडे, चाळिसाव्या मुशीनंतर तुम्ही अर्धा-अर्धा सेंटीमीटर जास्त सांगायला लागलात. थकलं की माणूस उदार होतो. मोजताना होऊ नये."

मला खरं तर राग आला होता. काटोलच्या शेतकऱ्याचा पोरगा मी, एम.एस्सी. होऊन आलेला, आणि ही बाई पहिल्याच दिवशी मला उदार म्हणते. पण नंतर मी गुपचूप पाट घेऊन पुन्हा मोजल्या तर त्यांचं खरं निघालं.

बाईंची एक खोड सगळ्या कॉलेजला माहीत होती. त्या चहा बीकरमधून प्यायच्या. काचेचं बीकर, त्यावर मापाच्या रेघा, आणि त्यात वाफाळता चहा. मुलं म्हणायची, बाई चहापण मोजून पितात. मलाही कित्येक वर्षं ती गंमतच वाटली. मग एकदा जुन्या हेडक्लार्कने सांगितलं की बाई नवीन लागल्या तेव्हा स्टाफरूममध्ये त्यांच्यापुढे दांडा तुटलेला वेगळा कप यायचा आणि तो वेगळाच ठेवला जायचा. आठवडाभर त्यांनी काही म्हटलं नाही. मग एके दिवशी प्रयोगशाळेतून कोरी करकरीत डझनभर बीकरं आणून टेबलावर मांडली आणि म्हणाल्या, "आजपासून सगळे यातच पिऊ. सगळी सारखी आहेत, कुणाचं कोणतं ते ओळखू येत नाही." बाकीचे महिन्याभरात कपांवर परत गेले. बाई बीकरवरच राहिल्या. दांडा तुटलेला कप मात्र त्यानंतर कुणाला दिसला नाही.

वर्गात बाई इंग्रजीत शिकवायच्या, आमच्याशी पुस्तकातल्यासारखं मराठी बोलायच्या, आणि चिडल्या की थेट मौद्याला पोचायच्या. कात्री आडवीतिडवी चालवणाऱ्या मुलामागे जाऊन उभ्या राहायच्या. "काहून गा, मासोळी कापून राहिला का वांगे? आईच्या हातात देतं का असं कापून?" मुलगी असली तर, "अवं, दम धर वं, ते पळून नाही जाऊन राहिली." पोरं घाबरायची आणि वर्गाबाहेर जाऊन नक्कल करायची. मुशीबाई हे नाव त्यांनीच ठेवलं. बाईंना ते ठाऊक होतं आणि मला वाटतं आवडतही होतं.

मुशीच का, हे मी एकदा विचारलं होतं. त्या म्हणाल्या, एम.एस्सी.ला असताना त्यांच्या वाट्याला पोटुशी मुशी आली होती. पोट उघडलं तर आत अंडी नाहीत, पिल्लं. आणि प्रत्येक पिल्लू नाळेने आईला जोडलेलं. "माशाला नाळ, वानखडे. माझ्या धाकट्या भावाची नाळ मी पाहिली होती, अगदी तशीच. त्या दिवशी मला जेवण गेलं नाही." हे सांगताना त्यांचा आवाज हलका झाला होता. पण गंमत बघा, प्रॅक्टिकलच्या घाईत याच बाई मुलांना सांगायच्या, "पिल्लं मध्ये येतात, ती बादलीत टाका आणि पुढे चला." साठ मुलं, तीन तास आणि डोक्यावर परीक्षा. रजिस्टरात लांबी लिहायची, नर की मादी ते लिहायचं. पिल्लांसाठी रकानाच नव्हता.

एके वर्षी पिंपातल्या मुश्या मोजून झाल्या आणि बाई रजिस्टर मागे मागे चाळत बसल्या. चहा बीकरमध्ये गार झाला. "वानखडे, मुशी लहान होत चालली आहे." मी म्हटलं, पुरवठादार लबाड झाला असेल, मोठ्या स्वतःकडे ठेवून घेत असेल. त्या मान हलवून म्हणाल्या, "मोठ्या उरल्याच नसतील. वाढायच्या आधीच पकडतात. वाढली नाही तर विणार काय आणि उरणार काय?"

झालं, तिथून बाईंना ध्यासच लागला. दरेक मुलाला एक मुशी कशाला, चौघांत एक पुरे, आणि पोटुश्या तर मागवूच नयेत, असं त्यांनी विद्यापीठाच्या अभ्यास मंडळाला लिहिलं. मंडळातल्या एका विद्वानाने विचारलं, "समुद्र काय आटला का बाई?" पुरावा आणा, म्हणाले. पुरावा बाईंकडे होता. पंधरा वर्षांची लाल रजिस्टरं होती.

ती घेऊन आम्ही समुद्रकाठच्या एका शहरात परिषदेला गेलो. तक्ते वाहायला मी होतो. बाईंनी निबंध वाचला. नागपूरचं नाव आलं तेव्हा मागे कुणीतरी हसलं, ते आम्ही धरूनच चाललो होतो. निबंध संपल्यावर एक म्हातारे शास्त्रज्ञ उठले. सडपातळ, फार सभ्य माणूस. त्यांनी विचारलं की या मुश्या पकडल्यानंतर किती दिवसांनी मोजल्या? पिंपात त्या आठवडाभर होत्या की वर्षभर? औषधाचं प्रमाण दरवर्षी सारखं होतं का? कारण फॉर्मलीनमध्ये मांस आखडतं, मासा लांबीला कमी भरतो.

बाई व्यासपीठावर उभ्याच होत्या. क्षणभर त्यांनी तक्त्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "मला माहीत नाही. मी ताजी मुशी कधी पाहिलेली नाही."

त्या वेळी कुणी हसलं असतं तर बरं झालं असतं, मला भांडायला तरी मिळालं असतं. किनाऱ्यावरच्या कुठल्याही शिकाऊ पोराने ही चूक केली नसती. ती आमच्याच हातून व्हायची, कारण आमच्या दृष्टीने मुशी पिंपातच जन्माला येत होती.

परतीच्या गाडीत बाई तक्त्यांची गुंडाळी मांडीवर घेऊन बसल्या होत्या. मी आपला सांत्वन करत होतो, त्या म्हाताऱ्याला नावं ठेवत होतो. वर्धा गेलं तेव्हा त्या म्हणाल्या, "त्यांना काही बोलू नका. त्यांचं बरोबर आहे. पंधरा वर्षं मी मासा मोजतच नव्हते. औषध मोजत होते." मग खिडकीबाहेर बघत राहिल्या. आयुष्याची इतकी वर्षं एका प्रश्नात गेलेलं माणूस मी पहिल्यांदाच पाहत होतो.

दुसऱ्याच दिवशी त्यांनी प्रत्येक रजिस्टरच्या पहिल्या पानावर लाल शाईने लिहिलं, "या लांब्यांवरून निष्कर्ष काढू नये," आणि खाली सही केली. आणि बी.एस्सी.च्या वर्गात उभं राहून आपली चूक पूर्ण अर्धा तास शिकवली. फळ्यावर आकृतीसुद्धा काढली. मी असतो तर रजिस्टरं जाळली असती आणि रजा टाकली असती.

आता इथे गुलाबभाऊ येतात. गुलाबभाऊ आमचे प्रयोगशाळेतले परिचर. जातीने ढिवर, रामटेकच्या बाजूचे. बापजाद्यांनी तलावात जाळी टाकलेली. माणूस कमी बोलणारा. परिषदेच्या आधीच्या वर्षी बाईंच्या लक्षात आलं होतं की फॉर्मलीन हिशेबापेक्षा जास्त संपतंय आणि रिकाम्या बरण्या गायब होतात. गुलाबभाऊंना विचारलं तर ते खाली मान घालून उभे राहिले. बाईंनी त्यांना लेखी मेमो दिला. त्यांनी सही करून तो घेतला, घडी करून खिशात ठेवला, आणि दुसऱ्या दिवशी नेहमीसारखे मेणाचे ट्रे धुवायला लागले.

परिषदेनंतर एका दुपारी बाई रिकाम्या प्रयोगशाळेत नुसत्याच बसल्या होत्या, मी शेजारी कात्र्या पुसत होतो. गुलाबभाऊ दारात आले. "बाई, रागावसान नाही तं एक दाखवतो."

जिन्याखाली आमची अडगळीची खोली होती. सांगाड्यांची खोकी बाजूला सारून त्यांनी आम्हाला आत नेलं. मागच्या फळ्यांवर ओळीने बरण्या होत्या. लोणच्याच्या, औषधाच्या, कुठून कुठून जमवलेल्या. प्रत्येकीत मुशीची पिल्लं, बोटाएवढी, काही त्याहून लहान. प्रत्येक बरणीत पेन्सिलने लिहिलेली चिठ्ठी आणि चिठ्ठीवर साल. बाई लागल्या त्या सालापासूनची.

"एका मायचे एका बरणीत ठेवले," गुलाबभाऊ म्हणाले. "मिसळवले नाही."

बाईंनी विचारलं, "काहून ठेवले, गुलाबभाऊ?"

"बादलीतून फेकाले जीव नाही झाला, बाई. आमच्या इकडे आषाढात पोटुशी मासोळी जाळ्यात आली तं सोडून द्या लागते. तोंड धारेकडे करून सोडाची, नाही तं तिले दम नाही भेटत. इथं तं मेलेलीच येते. सोडू कुठं? म्हणून ठेवून दिले."

बाईंनी सर्वांत जुन्या सालाची बरणी उचलली आणि झरोक्याच्या उजेडात धरली. ओठ हलवत मोजलं. मग त्याच सालातली दुसरी. मग अलीकडची एक, मग आणखी एक. जुन्या बरण्या गच्च होत्या. अलीकडच्या बरण्यांमध्ये हाताच्या बोटांवर मोजावीत इतकीच पिल्लं होती. बाई तिथेच जमिनीवर बसल्या, चांगल्या इस्त्रीच्या पातळासकट.

"वानखडे, मासा आखडतो. आकडा आखडत नाही."

मला समजायला जरा वेळ लागला. मोठ्या मुशीच्या पोटी पिल्लं जास्त, लहानीच्या पोटी कमी. मुश्या नुसत्या औषधाने आखडलेल्या असत्या तर पिल्लं पूर्वीइतकीच निघाली असती. पिल्लंच कमी होत गेली, म्हणजे आयाच लहान येत होत्या. पंधरा वर्षं बाईंनी जे बादलीत टाकायला सांगितलं, त्यातच त्यांचा पुरावा होता, आणि जो माणूस तो जपत होता त्यालाच त्यांनी मेमो दिला होता.

दुसऱ्या दिवशी प्रॅक्टिकल भरात असताना बाईंनी सगळ्यांच्या कात्र्या थांबवल्या. गुलाबभाऊंना पुढे बोलावलं. मेमोची कार्यालयातली प्रत मोठ्याने वाचून दाखवली आणि फाडली. "मी चुकले. फॉर्मलीन चोरीला गेलं नव्हतं. या विभागात त्याचा खरा उपयोग एकट्या गुलाबभाऊंनी केला." आणि साठ पोरांसमोर हात जोडले. गुलाबभाऊंना पळता भुई थोडी झाली. "जाऊ द्या नं बाई, ट्रे धुवाचे राहिले," असं पुटपुटत ते नळाकडे गेले. नळ किती तरी वेळ नुसता चालू होता.

नवा निबंध लिहिला त्यावर दोन नावं होती. टाइप करणाऱ्याने दुसऱ्या नावापुढे हुद्दा काय लिहू म्हणून विचारलं. त्याला वाटलं असेल, काही तरी सजवून सांगतील. बाई म्हणाल्या, "प्रयोगशाळा परिचर. आहे ते लिहा." त्या म्हाताऱ्या शास्त्रज्ञांचं पत्र आलं. बरण्यांवरूनही घाईने फार पुढे जाऊ नका, असं त्यांनी बजावलं होतं, पण आपल्या माणसांना आता बंदरावर पिल्लंही मोजायला सांगितली आहेत असंही लिहिलं होतं. बाईंनी ते पत्र गुलाबभाऊंना मराठीत वाचून दाखवलं. दोनदा, सवयीप्रमाणे.

अभ्यास मंडळाच्या बैठकीला बाई दोन बरण्या घेऊन गेल्या, एक सर्वांत जुनी आणि एक सर्वांत नवी. अध्यक्ष म्हणाले, "मॅडम, हे टेबलावरून काढा, चहा यायचा आहे." बाई म्हणाल्या, "सगळ्यांचं मोजून झालं की काढते." दोन्ही बरण्या हातोहात फिरल्या. समुद्र आटला का विचारणाऱ्या विद्वानाच्या हाती त्या सर्वांत जास्त वेळ राहिल्या. चौघांत एक मुशी, हा ठराव त्या दिवशी झाला. पोटुश्या मागवू नयेत हा काही झाला नाही, तो पुरवठादाराच्या हातात म्हणे. बाईंनी पुरवठादारालाही लिहिलं, दरवर्षी लिहीत राहिल्या. आमच्याकडे साठाच्या पंधरा झाल्या. तेवढ्याने समुद्राला काय फरक पडला ते मला माहीत नाही. बाईंनाही मी कधी विचारलं नाही.

त्या निवृत्त व्हायच्या आधीच्या वर्षी, ऐंशीनंतर कधी तरी, आम्ही मुलांची सहल घेऊन कोकणात गेलो. गुलाबभाऊ तोवर निवृत्त होऊन गावी गेले होते. सकाळी किनाऱ्यावर रापण ओढत होते. रापण म्हणजे किनाऱ्यावरून दोन्हीकडच्या माणसांनी ओढायचं लांबच लांब जाळं. जाळं वाळूवर आलं आणि चांदीसारख्या बारक्या मासळीत एक मुशी उसळताना दिसली. जिवंत. पोट फुगलेलं.

बाई वाळूत गुडघ्यांवर बसल्या. हजारभर मुश्या त्यांच्या हाताखालून गेल्या होत्या आणि त्यातली एकही हललेली नव्हती. त्यांनी रापणवाल्याकडे पाहिलं. एका मुशीचं काय एवढं, असं म्हणून त्याने ती देऊन टाकली. मी पाट पुढे केला. नागपूरहून एवढ्या लांब तो मीच काखोटीला मारून आणला होता. ताजी मुशी, आयुष्यात पहिल्यांदा. मी म्हटलं, "बाई, पाट."

त्यांना ऐकूच गेलं नाही. दोन्ही हातांवर मुशी घेऊन त्या पाण्यात शिरल्या. गुडघाभर पाणी, मग कमरेभर. पातळ फुगून वर आलं. पोरं ओरडत होती, मी पण ओरडलो असेन. त्यांनी मुशीचं तोंड येणाऱ्या लाटेकडे केलं आणि तशाच धरून उभ्या राहिल्या. एक लाट गेली, दुसरी गेली. तिसऱ्या लाटेनंतर त्यांचे हात रिकामे होते.

ओल्याचिंब होऊन परत आल्या तेव्हा मी विचारलं, "किती भरली असेल हो बाई?"

"काय?"

"लांबी."

त्यांनी माझ्या हातातल्या पाटाकडे पाहिलं. डोळे पुसले. खारं पाणी गेलं असेल, किंवा नसेल.

निवृत्तीनंतर लाल रजिस्टरं माझ्या ताब्यात आली. शेवटच्या पानावर कोकणातली ती नोंद आहे. त्या पानावर पिल्लांचा रकाना त्यांनी हाताने आखून घेतला आहे. मादी. लांबी: घेतली नाही. पिल्लं: पोटात आहेत. आणि शेरा म्हणून खाली एक ओळ, "तोंड धारेकडे करून सोडली. गुलाबभाऊंना कळवणे."